हरलेली नोंद

"...आणि दोन्ही खऱ्या असल्या तर? आक्का, मग कुठली ठेवायची?"

आक्का पावटे सोलत होत्या. मान वर न करता त्यांनी विचारलं, "तू कुठली ठेवलीस?"

"शेवटची."

"का?"

"शेवटची ती ताजी. ताजी ती खरी."

आक्कांनी एक शेंग उघडली. आत कीड निघाली. ती बाजूला टाकून त्यांनी पुढची घेतली.

हे बोलणं चाललं होतं ते ऋतुराज वाईंगडेचं. आणि मध्येच हा कोण म्हातारा सांगायला लागला असं वाटायला नको, म्हणून माझंही सांगून टाकतो. मी बापू कणसे. पॉलिटेक्निकात कॉम्प्युटर लॅबचा शिपाई होतो, एकतीस वर्षं. आक्का तिथं शिकवायच्या. मॅडम म्हटलेलं त्यांना आवडायचं नाही, म्हणून सगळी पोरं आक्काच म्हणायची. प्रिन्सिपॉलसुद्धा.

रिटायर झाल्यावर त्या नदीकाठच्या या मठीत राहायला आल्या. मठी म्हणजे दोन खोल्या, पुढं ओटा आणि कुणा साधूची जुनी समाधी. समाधीची दिवाबत्ती आक्का करतात. त्या कुणाला मंत्र देत नाहीत की अंगारा देत नाहीत. पण नोकरीला लागलेली पोरं अजून येतात, ओट्यावर बसतात, काहीतरी विचारतात आणि जातात. मी रोज येतो. चहा करतो. माझी बायको म्हणते, आता तिथंच पथारी टाका.

ऋतुराज आक्कांचा हुशार विद्यार्थी. त्यात वाद नाही. पण नाकावर माशी बसू द्यायचा नाही. लॅबमध्ये चपला बाहेर काढ म्हटलं की म्हणायचा, बापू, धुळीनं बंद पडतं ते मशीनच टाकाऊ. आणि चपला घालूनच आत जायचा. आता मोठ्या कंपनीत होता. गाडी घेऊन आला होता आणि आल्या आल्या लॅपटॉप उघडून बसला होता.

त्याचं काम काय होतं, ते मला कळलं तसं सांगतो.

धरणाचं पाणी आहे. पाण्याच्या दोन्ही काठांना वाड्या आहेत. फोनला रेंज नाही, लाइट आली तर आली. प्रत्येक काठाला एक नर्स आणि तिच्या हातात एक टॅब. कोण गरोदर, कुणाचं रक्त कमी, कुणाला डोस द्यायचा, सगळं ती टॅबवर लिहिते. मग चार-आठ दिवसांनी लाँचनं धरणाच्या भिंतीजवळच्या मोठ्या धक्क्यावर येते. तिथं रेंज मिळते. टॅब तालुक्याच्या सर्व्हरशी बोलतो, आपलं देतो, दुसऱ्यांचं घेतो. याला म्हणतात सिंक.

आता एकाच बाईची नोंद दोन नर्सांनी वेगवेगळी केली असेल, तर? तंटा. तो तंटा तोडायला ऋतुराजनं एक लायब्ररी लिहिली होती. पुस्तकांची लायब्ररी नव्हे. प्रोग्रामच्या तयार फायलींचं गाठोडं, कुणीही उचलावं आणि आपल्या कामाला जुंपावं. नाव ठेवलं होतं 'समेट'.

त्यानं आक्कांना एकेक फाईल दाखवली. सात होत्या. एक फाईल तारीख-वेळ बघते आणि नंतरच्या नोंदीला जिंकवते. एक ऑफिस बघते, तालुक्याचं म्हणणं गावापेक्षा वरचढ धरते. एक सही-शिक्का बघते, ज्यावर तो आहे ते खरं. अशा सात. सांगताना त्याचा चेहरा फुलला होता. खोटं का बोला, मलाही कौतुक वाटलं.

"सेकंदाला हजार तंटे तुटतात आक्का. कुणा माणसाला विचारायची गरजच नाही."

"माणसाला विचारायची गरज नाही," आक्का म्हणाल्या. त्यात टोमणा नव्हता. त्यांनी नुसतं म्हणून बघितलं.

मग म्हणाल्या, "आणि हरलेली?"

"म्हणजे?"

"दोन नोंदींतली एक जिंकली. हरलेली कुठं जाते?"

"कुठं जाणार? जिंकलेली तिच्या जागी बसते. सगळ्या टॅबवर."

"जिनं लिहिली तिच्याही?"

"तिच्याही. नाहीतर सिंक कसलं?"

 मी चहा आणला. ऋतुराजनं कप उचलला, परत ठेवला.

"आज मंगळवार," आक्का म्हणाल्या. "रजा टाकून आलास. एवढं विचारायला?"

"हो."

"बरं."

आणि त्या परत शेंगांकडं वळल्या. आक्कांची शिकवायची हीच पद्धत. एक प्रश्न विचारायचा आणि दुसऱ्या कामाला लागायचं. वर्गात साठ पोरं घामाघूम व्हायची.

ऋतुराजनं पाच मिनिटं तग धरला. मग आपणहून बोलायला लागला.

काजल शेलार नावाची पोर. विशीतली. सासर अलीकडच्या काठाला, उंबरवण्यात. माहेर पलीकडं, दाभेकोंडला. आपल्याकडं पहिलं बाळंतपण माहेरी. तसे आईबाप येऊन तिला घेऊन गेले. उंबरवण्याच्या नर्सनं आधी केलेली नोंद होतीच, मुक्काम उंबरवणे.

दाभेकोंडच्या नर्स म्हणजे हिराताई सपकाळ. बावीस वर्षं त्याच काठावर आहेत. अर्धी वाडी त्यांच्या हातावर जन्मली. त्यांचं म्हणणं असं की, काजल आल्या आल्या मी तपासली, रक्त फार कमी होतं, आणि लगेच टॅबवर भरलं. मुक्काम दाभेकोंड. दवाखान्याची लाँच इकडं पाठवावी. मग मोठ्या धक्क्यावर जाऊन सिंकही केलं.

त्यानंतर बाराव्या दिवशी काजलला कळा लागल्या. दिवस भरायच्या आधीच. तिचा भाऊ रेंजसाठी धावत डोंगरावर गेला. फोन लागला, त्यानं नाव सांगितलं आणि फोन तुटला. तालुक्याच्या माणसानं नाव घालून स्क्रीन बघितली. स्क्रीन म्हणाली, उंबरवणे.

लाँच उंबरवण्याला गेली.

सासरची माणसं तिथल्या धक्क्यावर आली आणि म्हणाली, अहो, ती तर माहेरी आहे. तिथून लाँच वळवून पलीकडं नेईपर्यंत तीन तास गेले. तोवर हिराताईंनी दाभेकोंडच्या धक्क्यावरच बाळंतपण केलं होतं. चार बायकांनी लुगडी धरून आडोसा केला होता. रक्त फार गेलं, पण काजल वाचली. मुलगी झाली. जिल्ह्याच्या दवाखान्यात काचेच्या पेटीत आहे. आज सोळावा दिवस.

"जगेल?" आक्कांनी विचारलं.

"जगेल म्हणतात... नक्की नाही सांगत."

आता चौकशी लागली होती. दाभेकोंडची नोंद कुठंच नव्हती. म्हणजे हिराताईंनी ती केलीच नाही, असा आरोप. आधी नर्सांकडं वह्या असायच्या. टॅब आल्यावर वरून हुकूम निघाला, वह्या जमा करा. त्यांनी मुकाट जमा केल्या. म्हणून दाखवायला हातात काही नाही. उद्या अकरा वाजता तालुक्याला बैठक होती, आणि हिराताईंना घरी बसवायचं की नाही ते तिथं ठरणार होतं. कंपनीनं फक्त एक पत्र द्यायचं होतं. ते पत्र ऋतुराजच्या बॅगेत होतं. टाइप केलेलं, वर कंपनीचा शिक्का. सही तेवढी राहिली होती. त्याची.

"वाच," आक्का म्हणाल्या.

त्यानं वाचलं. आमच्या प्रणालीत सदर नोंद आढळून येत नाही. प्रणाली सुस्थितीत आहे.

"यात खोटं काय आहे?"

"काहीच नाही. एक शब्द खोटा नाही."

"मग कर सही."

ऋतुराजनं पेन काढलं. टोपण उघडलं. कागद मांडीवर घेतला...

सही काही होईना.

"का रे?"

"करतो."

"थांब. तुझा तंटा आधी तोडू. हिराताई म्हणते, नोंद केली. पत्र म्हणतं, नोंद नाही. बाई एक, नोंदी दोन. चालव तुझी समेट."

त्याला वाटलं आक्का चेष्टा करतायत. पण आक्का वाट बघत होत्या. मग त्यानं खरंच सुरुवात केली. तारीख बघितली तर हिराताईंचा जबाब चार तारखेचा, पत्र उद्याचं. पत्र जिंकलं. ऑफिस बघितलं तर एकीकडं कंपनी आणि तालुका, दुसरीकडं वाडी. पत्र जिंकलं. सही-शिक्का... पत्र. तो एकेक बोट मिटत गेला. पुढं पुढं त्याचा आवाज बारीक झाला.

"सातही फायलींत ती हरते," तो म्हणाला.

मला राहवलं नाही. मी म्हटलं, ऋतुराज, शिपायाच्या नोकरीत मला चार मेमो मिळाले. त्यातले तीन माझ्या चुकीचे नव्हते. चारही माझ्या फायलीला लागलेत. शिक्का साहेबाकडं असतो बाबा, आपल्याकडं नसतो.

तो माझ्याकडं बघून ओशाळला. इतक्या वर्षांत पहिल्यांदा.

पण लगेच सावरला. म्हणाला, "आक्का, हे सगळं ठीक आहे. पण आता तंटाच उरलेला नाही. त्यांनी जबाब बदललाय."

"काय बदललाय?"

फोनमध्ये फोटो होता. मला चष्म्याशिवाय दिसेना, म्हणून त्यालाच वाचायला लावला. हिराताईंच्या हातचं लिहिलेलं. टॅबवर बघितलं. तिथं नोंद दिसत नाही. वय झालं, डोक्यात शंभर कामं असतात. माझ्याकडून राहून गेली असेल. काजलची आणि तिच्या लेकराची मी माफी मागते.

मी उठून आत गेलो. खरं सांगतो, संताप आला होता. बावीस वर्षं काम केलेली बाई, आपण काय केलं ते तिला पक्कं ठाऊक होतं, आणि तिच्याच हातातला टॅब तिला सांगतो की तू केलं नाहीस. आणि ती मानते. मशीनपुढं आपलं डोकं कमी धरायची सवय आपल्याला कुणी लावली, कुणास ठाऊक. मी उगाच दोन भांडी आपटली आणि परत बाहेर आलो.

आक्कांचे हात थांबले होते.

"टॅब तिला कुणी दाखवला?"

ऋतुराजनं फोन खिशात घातला.

"ऋतुराज."

"मीच. तपासायला गेलो होतो. स्क्रीन पुढं धरली. म्हटलं, बघा बाई, तुमचाच टॅब आहे, इथं काही नाही... त्यांनी बराच वेळ बघितलं. मग म्हणाल्या, नसंल भरली मग मी."

"म्हणजे तंटा मिटला."

"हो."

"सर्व्हर तेच म्हणतो. टॅब तेच म्हणतो. तालुका तेच म्हणतो. आता हिराताईही तेच म्हणते."

"हो."

"सगळीकडं एकच नोंद झाली."

"हो, आक्का."

"मग तू का आलास?"

घाटावर कुणीतरी धुणं आपटत होतं. ते ऐकू येत राहिलं. ऋतुराज लॅपटॉपच्या बंद झालेल्या स्क्रीनकडं बघत होता...

मग म्हणाला, "त्यांनी नोंद केली होती."

आक्कांनी हातातली शेंग खाली ठेवली.

"केली होती. मी बघितली."

एकदा तोंड उघडल्यावर त्यानं सगळंच सांगितलं. टॅबवरून जे काही येतं त्याची सर्व्हरवर एक कच्ची फाईल राहते. तीस दिवस. मग आपोआप पुसली जाते. कुणी ती उघडत नाही, कारण ती वाचायची म्हणजे डोळे फोडायचं काम. हिराताईंना टॅब दाखवून आला आणि दोन दिवसांनी, काय मनात आलं कोण जाणे, यानं ती उघडली. आणि त्यात होती. काजल शेलार, मुक्काम दाभेकोंड, रक्त कमी, लाँच इकडं पाठवावी. शब्दन्‌शब्द. फक्त तारीख होती एक जानेवारी दोन हजार दहा.

त्या आठवड्यात दाभेकोंडला चार दिवस लाइट नव्हती. टॅब पार मेला. या टॅबचं असं आहे की बॅटरी पूर्ण उतरली की आतलं घड्याळ पुसलं जातं. परत चालू केला की तो कारखान्यातली पहिली तारीख धरून बसतो, आणि रेंज मिळेपर्यंत तीच दाखवतो. हिराताई दोन मैल चालत शाळेवर गेल्या. तिथं सौर पॅनेल आहे. त्यावर टॅब चार्ज केला आणि तिथंच बसून नोंद भरली.

समेटच्या फाईलनं दोन तारखा बघितल्या. एक या वर्षीची, एक दोन हजार दहाची. हिराताईंची जुनी ठरली.

"त्यांनी कंटाळा केला असता," ऋतुराज म्हणाला, "लाइट येईपर्यंत टॅब तसाच ठेवला असता, मोठ्या धक्क्यावर जाऊन मग भरली असती, तर जिंकल्या असत्या. कष्ट घेतले म्हणून हरल्या."

मग थोड्या वेळानं, कुणी विचारलं नसताना, "मला माहीत होतं आक्का. टेस्टिंगच्या वेळी एका मुलीनं दाखवलं होतं, सर, बॅटरी उतरली की तारीख मागं जाते. मी म्हटलं, टॅब चार्ज ठेवणं त्यांचं काम आहे."

मला वाटलं आता आक्का त्याला फाडून खाणार. एकदा लॅबमध्ये एकानं दुसऱ्याचा प्रोग्राम आपला म्हणून दाखवला, तेव्हा त्यांचा आवाज मी गेटवर ऐकला होता.

पण आक्कांनी सूप बाजूला सरकवलं. त्याच्याजवळ सरकल्या. पाठीवर हात ठेवला.

"जेवला कधी होतास?"

एवढं विचारलं आणि पोराचा बांध फुटला. तीस वर्षांचा बाप्या, हमसून हमसून रडला. मी आत गेलो नाही. कुठं जायचं? माझेही डोळे भरले होते.

भाकरी होती, आमटी होती. आक्कांनी समोर बसून त्याला जेवायला लावलं. जेवता जेवता तो एकेक भीती काढत गेला. कंपनीच्या साहेबानं सांगितलं होतं, घड्याळाचा विषय काढू नकोस, टॅब काही आपण दिलेले नाहीत. नोकरी जाईल. एक तारखेपासून समेट आणखी चाळीस केंद्रांवर बसणार आहे, तो करार जाईल. पुढं कुणी उभं करणार नाही. आणि सगळ्यांत वाईट म्हणजे, या वर्षभरात अशा किती नोंदी गेल्या ते सांगता येत नाही. तीस दिवसांच्या मागचं काहीच उरलेलं नाही. जे पुसलं गेलं त्याची मोजदाद कशी करणार?

"आणि हिराताईंची?" आक्कांनी विचारलं.

"ती परवा पुसली जाईल."

"तुझ्याशिवाय कुणी बघितलीय?"

"कुणी नाही."

आक्कांनी त्याला आणखी आमटी वाढली.

हात धुऊन आल्यावर त्यानं पुन्हा तेच काढलं. म्हणाला, मी फाईल सुधारतो. आठवी फाईल लिहितो. तारखेवर भरवसा ठेवायचा नाही, दोन्ही नोंदी जपून ठेवायच्या आणि नर्सला विचारायचं, बाई, यातली खरी कुठली. जमेल. आठवड्यात जमेल. आक्का म्हणाल्या, ते तुला येतं, त्याची मला काळजी नाही.

मग त्यांनी ते टाइप केलेलं पत्र उचललं. उलटं केलं. कोरी बाजू वर करून त्याच्यापुढं ठेवलं आणि वर पेन ठेवलं.

ऋतुराज म्हणाला, नवा कागद घेतो.

"हाच."

"याच्या मागं ते छापलेलं आहे आक्का. शिक्क्यासकट."

"असू दे."

तो लिहायला बसला. मी त्याला लॅबमध्ये टकाटक बटणं दाबताना बघितलेलं. हातानं लिहिताना त्याला शब्द सुचेनात. दोनदा त्यानं प्रणाली असं लिहिलं आणि दोन्ही वेळा खोडलं. सूर्य ओट्यावर आला, तसे आम्ही भिंतीकडं सरकलो. तो उन्हातच बसून राहिला.

लिहून झाल्यावर त्यानं वाचून दाखवलं. मोठ्यानं. मला ते जसंच्या तसं आठवतं.

"हिरा सपकाळ यांनी काजल शेलार हिची नोंद केली होती. वेळेवर केली होती. ती आमच्या लायब्ररीनं पुसली. ती लायब्ररी मी लिहिली. असं होऊ शकतं हे मला आधी सांगण्यात आलं होतं. मूळ नोंदीची प्रत सोबत जोडली आहे. नोंद राहून गेली, असं हिरा सपकाळ यांच्याकडून मी वदवून घेतलं. त्यांची काही चूक नाही."

वाचताना 'वदवून घेतलं' वर तो अडखळला. परत वाचलं.

आक्कांनी डोळे मिटून ऐकलं. कुठं बदल सुचवला नाही.

"तिला कोण सांगणार?"

"मीच. आधी दाभेकोंडला जातो. दोनची लाँच मिळेल. त्यांना हे दाखवतो. मूळ नोंदही दाखवतो, त्यांच्याच शब्दांतली... आणि म्हणतो, बाई, तुम्ही विसरला नव्हता." त्यानं कागद सरळ केला. "मग त्यांना घेऊनच उद्या तालुक्याला येतो."

"त्या येतील?"

"नाही आल्या तर तिथंच बसतो."

आक्का हसल्या. सकाळपासून पहिल्यांदा हसल्या. मी म्हटलं, बस बाबा, बावीस वर्षं त्या काठावर काढलेली बाई आहे, लवकर उठवणार नाही तुला. तर तोही हसला, नाक पुसत.

त्यानं सही केली. स्पष्ट, पूर्ण नावाची. मग सहीच्या खाली पेन टेकवलं.

"आजची तारीख घालतो."

"नको," आक्का म्हणाल्या. "तिच्या नोंदीवर पडली होती, ती घाल."

ऋतुराजनं वर बघितलं. त्याला वाटलं आपण चुकीचं ऐकलं. माझाही तोच समज झाला.

"एक जानेवारी दोन हजार दहा?"

"हो."

"आक्का... बैठकीत पत्र हातात घेतल्या घेतल्या सगळे पहिलं तेच विचारतील. ही कसली तारीख?"

आक्कांनी सूप परत मांडीवर ओढलं.

"विचारू देत."